विश्लेषण : दहा मिनिटांची फिल्म, निवेदक नाही... दे सेतांनी टिपलेलं गाव आजही का पाहावं?

मेसिनाची सामुद्रधुनी. एका बाजूला सिसिली बेट, दुसऱ्या बाजूला इटलीची मुख्य भूमी. मधल्या पाण्यात कोळ्यांच्या होड्या थांबल्यात. उंच डोलकाठीवरचा टेहळ्या पाण्यात तलवार मासा शोधतोय, खाली माणसं वल्ह्यांवर हात ठेवून वाट पाहतायत, नाळेवर एक जण भाला धरून उभा आहे. कुणी बोलत नाही. पाण्याचा आणि लाकूड कुरकुरल्याचा आवाज तेवढा येत राहतो. मग वरून आरोळी येते आणि सगळं एकदम हलतं. टेहळ्या दिशा सांगत सुटतो, वल्ही जोरात पडू लागतात, आरोळ्यांवर आरोळ्या चढतात आणि भाला सुटतो.

‘लू तेम्पु दि ली पिशी स्पाता’ असं या फिल्मचं नाव. अर्थ : तलवार माशांचा हंगाम. काळ १९५४-५५, लांबी जेमतेम दहा मिनिटं. ही माणसं कोण, मासा किती किलोचा, परंपरा किती शतकांची, हे सांगणारा आवाज फिल्मभर कुठेच येत नाही. दिग्दर्शक व्हित्तोरियो दे सेता यांनी १९५४ ते १९५९ या काळात दक्षिण इटलीत अशा दहा छोट्या फिल्म्स केल्या. कोळी, शेतकरी, गंधकाच्या खाणीतले मजूर, मेंढपाळ हे त्यांचे विषय.

आज आपल्या प्रत्येकाच्या मोबाइलवर गावाकडचे व्हिडिओ येऊन पडतात. चुलीवरची भाकरी, पेरणी, बैलपोळा. चित्र सुरेख असतं, पण आवाज बहुतेक वेळा बंद केलेला आणि वर कुठलं तरी संथ संगीत चढवलेलं. म्हणूनच दे सेतांच्या फिल्म्स आज नव्यानं पाहाव्याशा वाटतात. त्यांनी नेमका आवाजच ठेवला आणि सांगणाऱ्याला बाहेर काढलं.

दे सेता कोण?

जन्म १९२३, पालेर्मो. घराणं सरदारी, पैसा होता. रोममध्ये वास्तुशास्त्राचं शिक्षण घेतलं आणि मग सिनेमाकडे वळले. या दहा फिल्म्स त्यांनी बऱ्याच अंशी स्वतःच्या खर्चानं आणि अगदी मोजक्या माणसांना घेऊन केल्या. कॅमेरा आणि संकलन दोन्ही स्वतःकडे, मदतीला पत्नी व्हेरा गेरार्दुच्ची. यातल्या ‘इझोले दि फ्वोको’ म्हणजे ‘अग्नीची बेटं’ या स्ट्रोंबोली ज्वालामुखीच्या परिसरातल्या फिल्मला १९५५ मध्ये कान महोत्सवात लघु माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. पुढे १९६१ मध्ये ‘बान्दिती आ ऑर्गोसोलो’ हा मोठा कथापट त्यांनी सार्डिनियातल्या मेंढपाळांनाच घेऊन केला. तोही व्हेनिसमध्ये गौरवला गेला.

दहाच मिनिटं का? याला कलेपेक्षा व्यवहार जास्त कारणीभूत आहे. युद्धानंतरच्या इटलीत मुख्य सिनेमाआधी छोटा माहितीपट दाखवला जाई आणि तिकीटविक्रीतला ठरावीक हिस्सा त्या माहितीपटाच्या निर्मात्याला मिळे. हा सगळा प्रकार ‘फॉर्म्युला १०’ या नावानं ओळखला जाऊ लागला. सरकारी पैसा आणि ठरलेली लांबी एकत्र आली की काय होतं ते आपल्याला नवीन नाही. स्वस्तात फिल्मा पाडणारे पुष्कळ निघाले. दे सेतांनी त्याच साच्यात आपलं काम बसवलं.

निवेदक मुळात आला कुठून?

माहितीपट म्हटला की एक भारदस्त आवाज आपोआप कानात वाजतो. या आवाजामागे विचारसरणी होती, अहंकार होता, हे खरंच. पण त्याच्याही आधी एक निव्वळ तांत्रिक अडचण होती आणि ती समजून घेतल्याशिवाय दे सेतांचं काम कळत नाही. (इंजिनिअरिंगची चार वर्षं कुठे तरी उपयोगी पडायला हवीत.)

पन्नासच्या दशकात सिनेमाचा कॅमेरा आणि टेपरेकॉर्डर ही दोन वेगळी यंत्रं होती, दोघांच्या मोटारी वेगळ्या. कॅमेरा सेकंदाला २४ चित्रं घेतो. आता समजा, रेकॉर्डरचा वेग अर्ध्या टक्क्यानं घसरला. दोन मिनिटांच्या सलग शॉटच्या शेवटी आवाज ०.६ सेकंद मागे पडेल, म्हणजे १४ फ्रेम. दोन-तीन फ्रेमचा फरक पडला तरी माणसाचे ओठ खोटे वाटायला लागतात, १४ फ्रेमला तर विनोदच होतो. शिवाय ३५ मिलिमीटरच्या कॅमेऱ्याची स्वतःची घरघर. ती दाबायला जाड पेटी लागायची आणि पेटी घातली की कॅमेरा खांद्यावर घेऊन पळायची सोय संपली. फिल्मही भराभर संपते. दहा मिनिटांना सुमारे २७४ मीटर रीळ जातं.

त्यामुळे शेतात, होडीत, डोंगरावर जाऊन जे चित्रण व्हायचं ते मुकं असायचं. स्टुडिओत परत आल्यावर त्या मुक्या चित्रावर बसवायला सगळ्यात स्वस्त गोष्ट म्हणजे एक माणूस आणि त्याच्यासमोर लिहिलेला कागद. निवेदक हा आधी जुगाड होता, शैली नंतर झाला.

ही अडचण सुटली ती स्टीफन कुडेल्स्की या पोलंडमध्ये जन्मलेल्या स्विस इंजिनिअरच्या नाग्रा रेकॉर्डरसारख्या यंत्रांमुळे. कॅमेऱ्याच्या वेगाचा संकेत टेपवर नोंदवून दोघांना जुळवून घेता येऊ लागलं. अमेरिकेत ‘प्रायमरी’ ही फिल्म १९६० ची, फ्रान्समध्ये ‘क्रॉनिक द्यून एते’ १९६१ ची. निरीक्षणात्मक माहितीपट म्हणून आज जो प्रकार शिकवला जातो, तो इथून पुढे बहरला.

दे सेतांच्या दहाही फिल्म्स त्याआधीच्या.

मग त्यांनी जमवलं कसं?

त्यांनी बोलणं सोडून दिलं. ओठ जुळवता येत नाहीत ना, मग ओठांवर अवलंबून नसलेले आवाज घ्यायचे. टेपरेकॉर्डर घेऊन त्याच जागी वेगळं ध्वनिमुद्रण करायचं : आरोळ्या, कामाची गाणी, घंटा, खुरांचा आवाज, वारा, हत्यारांची टकटक. मग संकलनाच्या टेबलावर चित्र आणि आवाज एकमेकांत विणायचे. काही फिल्म्सच्या सुरुवातीला पडद्यावर दोन-चार ओळींची पाटी येते. जागा कळते, काम कळतं. त्यानंतर पाहणारा आणि ती माणसं, एवढेच उरतात.

यानं एक गंमत होते. ‘कोन्तादीनी देल मारे’ म्हणजे ‘समुद्रातले शेतकरी’ ही ट्यूना मासेमारीवरची फिल्म. प्रचंड जाळं वर ओढायचं असतं आणि ते एका तालात ओढलं नाही तर हलतच नाही. तो ताल गाण्यातून येतो. एक जण ओळ टाकतो, बाकीचे उचलतात आणि उचलतानाच दोर खेचतात. ‘या गाण्यामुळे श्रम सुसह्य होतात’ असं निवेदकानं सांगितलं असतं तर आपण मान डोलावून पुढे गेलो असतो. इथे सांगणारा नसल्यानं आपण ऐकत राहतो आणि लक्षात येतं की गाणं मन रमवायला नाहीच, ते अवजार आहे. दोराइतकंच.

१९५४-५५ मध्येच अमेरिकी लोकसंगीत संग्राहक अ‍ॅलन लोमॅक्स आणि इटालियन अभ्यासक दिएगो कार्पितेल्ला हे टेपरेकॉर्डर घेऊन इटलीभर अशीच गाणी गोळा करत फिरत होते. काम थांबलं की गाणं थांबतं, ही धास्ती त्या काळात अनेकांना होती. आपल्याकडे जात्यावरच्या ओव्यांचं तेच झालं. पिठाची गिरणी आली आणि पहाटेची ओवी गेली. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी गावोगावच्या बायकांकडून एक लाखाहून अधिक ओव्या नोंदवून घेतल्या, म्हणून त्या आज ऐकायला तरी मिळतात.

खळं, खेचरं आणि ‘पाराबोला’

मराठी वाचकाला सगळ्यात जवळची वाटेल अशी फिल्म म्हणजे ‘पाराबोला दोरो’. विषय : सिसिलीच्या अंतर्भागातली गव्हाची कापणी आणि मळणी. विळे चालतात, पेंढ्या बांधल्या जातात, खळ्यावर पीक पसरलं जातं. आपल्याकडे तिवड्याभोवती बैलांची पात फिरायची, इथे खेचरं फिरतात. त्यांना फिरवणारा माणूस गात असतो. गाणं अर्धं जनावरांना, अर्धं देवाला उद्देशून.

मग उफणणी. आपण वावडीवर उभं राहून पाटीतून धान्य खाली सोडतो, वारा भुसा उडवून नेतो. सिसिलीचा शेतकरी जमिनीवरच उभा राहतो आणि लाकडी दाताळ्यानं मळलेलं पीक वर भिरकावतो. दाणा जवळ पडतो, भुसा लांब जातो. गुरुत्वाकर्षण आणि वारा तेच, फक्त आपण वरून सुरुवात करतो आणि ते खालून.

नावात श्लेष आहे. इटालियनमध्ये ‘पाराबोला’ म्हणजे भूमितीतला वक्रही आणि येशूनं सांगितलेल्या गोष्टींसारखा दृष्टान्तही. सोनेरी पॅराबोला म्हणजे उन्हात चमकत वर जाऊन खाली येणारा गहू. वाऱ्यात उडणाऱ्या भुशाची वाट काटेकोर पॅराबोला नसते हे मला माहीत आहे, पण दिग्दर्शकाला तेवढी सूट देऊ.

पण याला ‘जसंच्या तसं’ म्हणायचं का?

नाही. निवेदक नाही म्हणजे कुणीच काही सांगत नाही, असा समज करून घेऊ नये. अनेक दिवसांचं चित्रण कापून-जोडून पहाट ते रात्र असा एक दिवस बनवला जातो. आवाज नंतर बसवलेला असतो. कुठली आरोळी कोणत्या चेहऱ्यावर ठेवायची हे दे सेताच ठरवतात. फिल्मची लय वाढते, तुटते, शांत होते, हे सगळं टेबलावर घडवलेलं आहे.

तरीही फरक आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांच्या १९३४ च्या ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’मध्ये आयर्लंडच्या बेटावरचे लोक अवाढव्य शार्कची शिकार करताना दिसतात. प्रत्यक्षात ती पद्धत तिथे कित्येक दशकांपूर्वीच बंद पडली होती, फिल्मसाठी लोकांना ती नव्यानं शिकवावी लागली. पडद्यावरचं कुटुंबही वेगवेगळ्या घरांतली माणसं निवडून जुळवलेलं. दे सेतांनी जे काम टिपलं ते त्या हंगामात खरोखर चालू होतं. त्यांनी मांडणी केली, पण मेलेली प्रथा उठवून उभी केली नाही.

दुसरं टोक चेचिलिया मान्जिनी यांचं. १९६० च्या ‘स्तेन्दाली’त त्यांनी दक्षिण इटलीतल्या मृत्यूगीतं गाणाऱ्या बायका दाखवल्या आणि निवेदन लिहून घेतलं पिएर पाओलो पासोलिनी यांच्याकडून. तीही फिल्म जबरदस्त आहे. तेव्हा निवेदन वाईट आणि शांतता थोर असं सरसकट समीकरण मांडायला मी तयार नाही.

माझा खरा आक्षेप वेगळा आहे.

मालकी कॅमेऱ्यात दिसत नाही

‘पाराबोला दोरो’ पाहताना कापणारे हात दिसतात. शेत कुणाचं आहे ते दिसत नाही. सिसिलीत तेव्हा हा प्रश्न जिवावरचा होता. मोठमोठ्या जमीनदाऱ्या, भूमिहीन मजूर, पडीक जमिनींवर झालेले मोर्चे. १ मे १९४७ रोजी पोर्तेल्ला देल्ला जिनेस्त्रा इथे कामगार दिनासाठी जमलेल्या शेतकऱ्यांवर गोळीबार झाला आणि ११ जण मेले. १९५० मध्ये जमीन सुधारणेचे कायदे आले. फिल्म त्यानंतर पाचच वर्षांत झाली. उन्हातल्या सोनेरी गव्हात यातलं काहीही उमटत नाही.

मजुरी किती, दाण्याचा वाटा कसा, सावकार कोण, हे प्रश्न बघून सुटत नाहीत, विचारावे लागतात. बोलणंच वगळलं तर तक्रारही वगळली जाते. कुणाच्याही चेहऱ्याखाली नावाची पट्टी येत नाही. सरदार घराण्यातला माणूस कॅमेऱ्यामागे आणि नाव नसलेला मजूर समोर, हे अंतर सुंदर चित्रणानं मिटत नाही.

‘सुर्फारारा’ ही गंधकाच्या खाणीवरची फिल्म मात्र या आक्षेपाला बरंचसं उत्तर देते. तिथे सौंदर्य टिकायला जागाच कमी आहे. अंधार, घाम आणि खाली जाणारी माणसं पाहिली की कुणी वेगळं सांगायची गरज राहत नाही. अमेरिकेच्या स्वस्त गंधकापुढे सिसिलीच्या खाणी आधीच हरल्या होत्या, पुढच्या काही दशकांत त्या बंद पडल्या. दक्षिणेतली माणसं कामासाठी तोरिनो, मिलान, जर्मनी, बेल्जियम गाठत होती. ऑगस्ट १९५६ मध्ये बेल्जियमच्या मार्सिनेल कोळसा खाणीत आग लागून २६२ मजूर मेले. त्यातले १३६ इटालियन होते.

‘उन जोर्नो इन बार्बाज्या’, म्हणजे ‘बार्बाज्यातला एक दिवस’, ही १९५८ ची फिल्मही गैरहजेरीचीच आहे. सार्डिनियातल्या या डोंगराळ भागातले पुरुष कळप घेऊन महिनोन्‌महिने लांब गेलेले. गावात बायका, मुलं, म्हातारे. रोटी भाजणं, लाकूडफाटा, शेत, सगळं बायकांकडे. मुंबईला चाकरमानी पाठवून चालणारं कोकणातलं घर ज्यांनी पाहिलंय, त्यांना हा दिवस समजवावा लागणार नाही.

आपल्याकडे काय चालू होतं?

योगायोग पाहा, व्यवस्था जवळपास तीच होती. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं. चित्रपटगृहांना मुख्य सिनेमाआधी मान्यताप्राप्त लघुपट दाखवणं बंधनकारक होतं. आधीच्या पिढीला तो कृष्णधवल वार्तापट आणि त्यावरचा खणखणीत आवाज पाठ आहे. आपल्याकडे निवेदकाला आणखी एक भक्कम कारण होतं, ते म्हणजे भाषा. मुक्या चित्रावरचा कागद बदलला की तीच फिल्म मराठीत, तमिळमध्ये, बंगालीत तयार. इतक्या भाषांच्या देशात याहून स्वस्त उपाय नव्हता.

त्याच संस्थेतून चांगलं कामही झालं. फली बिलिमोरिया यांची ओडिशातल्या एका खेडुतावरची ‘द हाउस दॅट आनंद बिल्ट’ ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. पण गावाबद्दल गावाच्या डोक्यावरून बोलायची सवय आपल्या माहितीपटांत खोल रुजली. आपले शब्दच बघा. जुना शब्द अनुबोधपट, त्यात बोध. नवा शब्द माहितीपट, त्यात माहिती. दोन्हींत कुणीतरी कुणाला तरी काहीतरी देणार असं गृहीत. नुसतं सोबत बसून बघायच्या फिल्मला मराठीत अजून सुटसुटीत नाव नाही.

विसरलेल्या गावाचा रस्ता

दहातली शेवटची आणि मला सगळ्यात आवडलेली ‘ई दिमेन्तिकाती’, ‘विसरलेली माणसं’. वर्ष १९५९. कालाब्रियातलं आलेस्सांद्रिया देल कार्रेत्तो हे डोंगरातलं गाव. रस्ता तिथपर्यंत पोचलेलाच नाही. गाडी जिथे थांबते तिथून सामान खेचरांच्या पाठीवर. इथे दे सेतांनाही थोडी प्रस्तावना करावीशी वाटली, कारण न झालेला रस्ता नुसता दाखवून कळत नाही.

मग सण सुरू होतो. गावकरी जंगलात जातात, एक भलंमोठं सूचिपर्णी झाड तोडतात आणि दोर लावून, ढोल-वाद्यं वाजवत, दारू पीत, ओरडत डोंगरातून गावापर्यंत ओढत आणतात. तिथे ते उभं करून त्यावर चढायची चुरस लागते. ज्या गावात सरकार रस्ता आणू शकलं नाही, त्या गावानं अख्खं झाड खेचून आणलं. दे सेता हे वाक्य कुठेही म्हणत नाहीत. दोन्ही गोष्टी शेजारी ठेवतात. ‘पीता’ नावाचा हा सण तिथे आजही एप्रिलअखेर ते मेच्या सुरुवातीला होतो.

या फिल्म्स पुढे डीव्हीडीवर एकत्र आल्या तेव्हा संग्रहाचं नाव ठेवलं गेलं ‘हरवलेलं जग’. ज्यांचे आजी-आजोबा सिसिलीतून अमेरिकेला गेले त्या मार्टिन स्कॉर्सेसींच्या द फिल्म फाउंडेशननं बोलोन्याच्या सिनेतेकासोबत त्यांची डागडुजीही केली. नाव विक्रीला बरं आहे. पण चित्रण चालू होतं तेव्हा ते जग हरवलेलं नव्हतं, त्या माणसांचा तो साधा कामाचा दिवस होता. दे सेता स्वतः १९९३ मध्ये ‘इन कालाब्रिया’साठी पुन्हा दक्षिणेत हिंडले आणि वयाच्या ऐंशीनंतर, २००६ मध्ये, ‘लेत्तेरे दाल साहारा’ हा सेनेगलहून समुद्रमार्गे इटलीत आलेल्या तरुणावरचा सिनेमा केला. २०११ मध्ये त्यांचं निधन झालं.

कुठून सुरुवात करावी?

मोबाइलवर पाहणार असाल तर इअरफोन लावा, फोनच्या स्पीकरवर अर्धी फिल्म निसटते. एका बैठकीत दोनपेक्षा जास्त नकोत. तलवार माशाची फिल्म थरारासाठी छान आहे, पण पहिली ‘पाराबोला दोरो’ घ्या आणि शक्य झालं तर ज्यांनी लहानपणी खळं पाहिलंय अशा घरातल्या कुणाला शेजारी बसवा. उफणणीचं दृश्य आलं की वावडी कुठाय, म्हणून ते विचारतीलच.